आईचा डोंगर, लेकाची टेकडी

प्रभावतीगुप्ता! हे नाव मी सध्या भेटेल त्याला ऐकवत सुटले आहे. ऑफिसात सांगून झालं, लिफ्टमध्ये शेजाऱ्यांना सांगून झालं, सासूबाईंनी तर हात जोडले. पण करू काय, राहवतच नाही!

ज्याला आपण विक्रमादित्य म्हणून ओळखतो, त्या दुसऱ्या चंद्रगुप्ताची ही मुलगी. विदर्भातल्या वाकाटकांच्या घरात दिलेली, दुसऱ्या रुद्रसेनाला. नवरा लवकर गेला, मुलं लहान. मग बाईंनी कारभार हातात घेतला आणि स्वतःच्या नावाने ताम्रपट काढले. पुण्यात मिळालेल्या तिच्या ताम्रपटावर थोरला मुलगा दिवाकरसेन तेराव्या वर्षीही युवराजच आहे आणि राज्य आई चालवते आहे. त्यात वंशावळ कोणाची दिली आहे, सांगा बरं? माहेरची! गुप्तांच्या पिढ्या एकामागून एक, आणि गोत्रही बापाचंच. हे पाचव्या शतकाच्या सुरुवातीला! ताम्रपट दिला नंदिवर्धनहून. नंदिवर्धन म्हणजे आपलं नगरधन, रामटेकजवळ धानाच्या बांध्यांमधलं गाव. नागपूरहून निघालं तर तास-सव्वा तासाच्या रस्त्यावर दीड हजार वर्षांपूर्वीची एक बाई राज्य करत होती, आणि आम्ही रामटेकला जाऊन माकडांपासून प्रसाद वाचवून परत येत होतो.

तर एका मैत्रिणीने एका दिवसाच्या सहलीत माझं नाव घालून टाकलं. मिनीबस, सोबत माहिती सांगायला इतिहासाचे एक निवृत्त शिक्षक, मनसर-रामटेक-नगरधन. नोव्हेंबरातला रविवार, अंगावर शाल, हातात तर्री-पोह्यांची प्लेट. तर्री इतकी झणझणीत की सीताबर्डीहून बस हलेपर्यंत सगळ्यांच्या नाकातून पाणी. कामठी गेलं, कन्हानचा पूल गेला आणि जबलपूर रोडच्या दोन्ही बाजूंना कापणीला आलेला धान दिसू लागला. काही बांध्यांत कापून आडवा टाकलेला, काहींत उभाच पिवळा. सर माइक हातात घेऊन उभेच. नागपूरकर मास्तर, त्यामुळे भाषाही तशीच. ‘मोबाईलमधे काय बघून राहिले? बाहेर बघा नं! वाकाटकांचं राज्य सुरू झालं!’

मनसरला मी एक जुनं देऊळ असेल असं धरून चालले होते. तिथे तर आख्खी टेकडीच विटांची! हिडिंबा टेकडी म्हणतात तिला. शेजारी तलाव. १९९७-९८ पासून जगत्पती जोशी आणि अ. कृ. शर्मा यांच्या देखरेखीखाली इथे उत्खनन झालं, आणि ज्या ढिगावर गावातली गुरं चरत असतील त्याच्या पोटातून भिंतीवर भिंती, पायऱ्या, कोनाडे, मंदिराचा चौथरा असं बाहेर येत गेलं. विटा हातभर लांब आणि चपट्या, आपल्या बांधकामावरच्या विटेशेजारी ठेवल्या तर आजोबा-नातू वाटावेत. मी खाली बसून एका विटेवर तळहात टेकवला. उन्हाने कोमट झाली होती, आणि तिच्या एका कडेला ओल्या मातीवर कोणाचं तरी बोट घसरल्याची रेघ होती. खरंच बोटाची की नुसती चीर, कोण जाणे. मी ती बोटाचीच मानली आहे.

आणि त्या टेकडीच्या पोटात काय सापडलं? एक माणूस! म्हणजे विटांनी बांधून काढलेल्या खड्ड्यात घडवलेली मानवाकृती. वैदिक पुरुषमेधाशी तिचा संबंध असावा, असं अभ्यासक म्हणतात. खऱ्या माणसाच्या जागी मातीचुन्याचा माणूस! सरांनी फोटो दाखवला तेव्हा बसमधल्या काकूंनी ‘बाप्पा!’ म्हणून तोंडावर पदर घेतला. याच परिसरात १९७२ मध्ये मिळालेली लाल दगडाची गुटगुटीत शिवमूर्ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. मनसरची वस्तू बघायला दिल्ली! (याबद्दल मी बसमध्ये जे बोलले ते इथे लिहीत नाही.) ही जागा बोधिसत्त्व नागार्जुनांशी जोडणारी परंपराही आहे, आणि उत्खननाला त्या श्रद्धेचाही मोठा आधार होता. अजय मित्र शास्त्री, हान्स बाकर यांच्यासारख्या अभ्यासकांचं मत मात्र असं की हे प्रवरपूर, म्हणजे प्रभावतीचा मुलगा दुसरा प्रवरसेन याने वसवलेली नवी राजधानी, आणि टेकडीवर त्याचं शिवालय. सरांनी दोन्ही बाजू सांगितल्या आणि वर म्हणाले, ‘आता इथून समोर बघा.’

समोर रामटेकचा डोंगर. दुपारच्या आधीच्या स्वच्छ हवेत गडावरची पांढरी शिखरं दिसत होती. आणि तिथे मला जे कळलं त्याने मी अजून खाली आलेले नाही! समोरच्या त्या डोंगरावर वाकाटकांच्या काळातली देवळं आहेत नरसिंहाची, वराहाची, त्रिविक्रमाची. सगळे विष्णूचे अवतार, कारण प्रभावती माहेरून वैष्णव. आणि आम्ही उभे होतो ती टेकडी मुलाची, शंकराची, कारण प्रवरसेन पक्का शैव. आईचा डोंगर तिकडे, लेकाची टेकडी इकडे, आणि रोज सकाळी उठून एकमेकांसमोर! आता यावर आईचं काय म्हणणं होतं, हे कुठल्या ताम्रपटात मिळत नाही. पण लेकाने पुढे ‘सेतुबंध’ नावाचं काव्य लिहिलं. विषय रामाचा! भाषा महाराष्ट्री प्राकृत, म्हणजे मराठीच्या आजीची. मला वाटतं, आईने शेवटी आपलंच खरं केलं.

रामटेकला खाली अंबाळा तलावाकडे बस न वळवता सरांनी आम्हाला थेट नरसिंहाकडे नेलं. गडाच्या वाटेवर दोन नरसिंह मंदिरं आहेत, रुद्र नरसिंह आणि केवल नरसिंह. बाहेरून बघाल तर बसकी, दगडी, शिखर नसलेली. शंभरातले नव्वद भाविक त्यांच्याकडे न बघता वर रामाकडे जातात. आत शिरलो आणि डोळे अंधाराला सरावेपर्यंत काहीच दिसेना. मग हळूहळू एक प्रचंड गुडघा दिसला. मग चक्र धरलेला हात. मग आयाळ. इथे हिरण्यकश्यपू नाही, फाडलेलं पोट नाही. एक गुडघा वर करून निवांत बसलेला सिंह, कामं आटोपून ओसरीवर टेकलेल्या घरधन्याच्या थाटात. पुजाऱ्याने लावलेला शेंदूर नाकाच्या शेंड्यावर जरा जास्त ओघळला होता, म्हणून तो किंचित हसल्यासारखाही वाटत होता.

केवल नरसिंहाच्या भिंतीत एक शिलालेख आहे. कित्येक शतकं तो चुन्याच्या थराखाली होता, १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला थर निघाला आणि अक्षरं वर आली. बरीचशी झिजलेली, ओळी तुटलेल्या. अ. प्र. जामखेडकर आणि बाकर यांनी त्यावर काम केलं. त्यात प्रभावतीच्या मुलीचा उल्लेख आहे, आणि आईच्या स्मरणार्थ देऊळ उभारल्याचं त्यातून वाचलं जातं. देवाला नाव आईचं! आपल्याकडे लेकी आईच्या नावाने फार तर शाळेला पंखे देतात.

वर गडावर वराह दरवाज्याजवळ तो भलामोठा लाल दगडी वराह. त्याच्या पोटाखालून सरपटत निघायचं, पापी माणूस अडकतो म्हणतात. रांगच लागली होती. एक भारदस्त काका मध्येच थांबले, तर मागून त्यांच्या सौभाग्यवती ओरडल्या, ‘आता सांगून टाका सगळं, बाहेर या!’ काका निघाले, खादीच्या कुर्त्याला शेंदूर लावून. मी निघाले की नाही ते विचारू नका. पुढे दरवाज्यामागून दरवाजे, सिंगपूर, भैरव, गोकुळ. रघुजी भोसल्यांच्या काळातली तटबंदी आणि डागडुजी. रामाआधी लक्ष्मणाचं दर्शन घ्यायचा इथला रिवाज. लक्ष्मण मंदिरात यादवकालीन शिलालेख आहे, पण गर्दीत तो नीट बघता आला नाही. सरांनी माझं तोंड बघून ‘रामनवमी, त्रिपुरी पौर्णिमा सोडून या नं मॅडम, मधल्या वारी’ असा सल्ला दिला.

कालिदासाचा प्रश्न अर्थातच निघाला. ‘मेघदूता’तला रामगिरी म्हणजे रामटेक, ही मांडणी महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी आयुष्यभर केली. इथे कालिदास स्मारक आहे, १९९७ मध्ये स्थापन झालेलं संस्कृत विद्यापीठ आहे, आणि विरोधी मतही आहे. पण प्रभावतीचा ऋद्धपूरचा ताम्रपट रामगिरीच्या स्वामीच्या पायांपाशी बसून दिलेला आहे, हे ऐकल्यावर मला तरी पुरावा पुष्कळ झाला. त्यातून ती चंद्रगुप्ताची लेक, आणि कालिदासही चंद्रगुप्ताच्याच दरबारातला मानला जातो. माहेरचा कवी लेकीकडे येऊन राहिला असेल तर नवल काय! (सर: ‘असं परीक्षेत लिहू नका.’)

खाली उतरताना पायऱ्यांशी एक बाई शिंगाडे घेऊन बसली होती. तलावातले, नुकते उकडलेले, काळपट हिरवे, दोन टोकं शिंगांसारखी. ‘घ्या नं बाई, आजचेच आहेत.’ ते सोलायची तिची पद्धत बघण्यासारखी: दाताने एक टोक तोडायचं, अंगठ्याने दाबायचं, की आतला पांढरा गर टुपकन बाहेर. मी सोलायला गेले तर नख फाटलं. चव दुधाळ, किंचित मातकट. इथले तलाव, धान, विड्याच्या पानांचे मळे, सगळं पाण्यावर. जुने लोक राजधानी उगाच कुठेही वसवत नसत!

जेवण एका घरगुती ठिकाणी. पाटवडीचा रस्सा, सांबारवडी, भात. खिंडसी तलावावर नौकाविहार होता, तो मी केला, छान आहे, पुढे चला.

कारण पुढे नगरधन होतं! चारी बाजूंनी सपाट शेत आणि मध्येच चौकोनी भुईकोट किल्ला, बुरुजांचा. हा भोसलेकालीन. आत विहिरीसारखं खाली उतरत जायचं, आणि तळाशी देवी. पायरी पायरीला हवा गार होत जाते. पण माझं लक्ष किल्ल्याकडे नव्हतंच. डेक्कन कॉलेज आणि राज्य पुरातत्त्व विभागाने २०१५ ते २०१८ दरम्यान इथे उत्खनन केलं. मण्यांपासून मातीच्या बांगड्यांपर्यंत, काचेच्या कर्णभूषणांपासून गणपतीच्या अभंग मूर्तीपर्यंत बरंच काही निघालं. गाय-बैल, शेळ्या, डुकरं, कोंबड्या, मांजर यांची हाडंसुद्धा. राजधानीत मांजर होती, हे मला का कोण जाणे फार आवडलं. आणि या सगळ्यात एक मातीची लंबगोल मुद्रा. तिच्यावर शंख, आणि ब्राह्मी अक्षरांत प्रभावतीगुप्तेचं नाव. लांबी जेमतेम साडेतीन सेंटिमीटर, वजन ६.४० ग्रॅम. नाण्याएवढा मातीचा तुकडा! कुठल्या तरी हुकुमाला, कुठल्या तरी थैलीला तो लागला असेल, आणि ज्याच्या हाती पडला असेल त्याने शंख बघून ओळखलं असेल, बाईसाहेबांकडून आलंय.

सरांनी हे सांगताना आम्ही धुऱ्यावर उभे होतो. पलीकडे एक आजोबा धानाच्या पेंढ्या बांधत होते. त्यांना विचारलं, राणी माहीत आहे का? ‘आमच्या गावची नं? हो. काहून?’

परतताना अर्धी बस झोपली, उरलेली भांडली. वाकाटकांची वाशीमची शाखा मोठी की ही नंदिवर्धनची? अजिंठ्याची ती देखणी लेणी वाशीमच्या हरिषेणाच्या काळातली, म्हणजे भाऊबंदांची, असं कोणीतरी म्हणालं, तर मागच्या सीटवरून आवाज आला, ‘मग आपल्या राणीचा फोटो का नाही कुठे?’ मी मिराशींच्या पुस्तकाची चौकशी फोनवरच केली. कामठी येईपर्यंत वाचनालयाने हो म्हटलं होतं.

जाणार असाल तर सकाळी मनसर आधी करा, टेकडीवर सावली नाही. पाणी न्या, शिंगाडे नोव्हेंबरात मिळतात, रामटेकला पिशवी माकडांपासून जपा. आणि सोबत सांगणारं कोणीतरी असू द्या, नाहीतर नरसिंहासमोरून सरळ पुढे निघून जाल. सर आता पुढची सहल जुनापाणीला काढणार आहेत, काटोल रोडला. तिथे तीनेकशे शिळावर्तुळं आहेत, लोहयुगातली, म्हणजे राणीच्याही कित्येक शतकं आधीची! मी बसमध्येच पैसे भरले. सासूबाई विचारत होत्या, आता हे काय नवीन? त्यांचं नावही घालून टाकलं.