हेल आणि दुय्यम भूमिका
विनोदी चित्रपटातील सहायक अभिनेता, म्हणजे कथेचा भार नायकावर सोडून प्रसंग रंगवणारा नट, प्रेक्षकाच्या लक्षात पुष्कळदा नावापेक्षा आवाजाने राहतो. आणि त्या आवाजात एखाद्या प्रदेशाचा हेल, म्हणजे बोलण्यातील स्वाभाविक चढउतार, मुरलेला असला तर तोच त्याला काम मिळवून देतो व त्याच साच्यात अडकवूनही ठेवतो. इटलीत तर हे इतके रूढ होते की मारिओ मोनिचेल्ली यांच्या ‘इ सोलिती इन्योती’ (१९५८) या चित्रपटात सार्डिनियात जन्मलेल्या तिबेरिओ मुर्जा यांना बहिणीवर पहारा ठेवणाऱ्या सिसिलियन भावाची भूमिका मिळाली, त्यांचे संवाद दुसऱ्याच्या आवाजात सिसिलियन ढंगाने भरले गेले आणि पुढे कित्येक वर्षे ते पडद्यावर सिसिलियनच राहिले.

मराठवाड्याला असा उसना आवाज लागला नाही. मकरंद अनासपुरे यांनी ‘वास्तव’सारख्या (१९९९) चित्रपटांत लहान भूमिका केल्या, पुढे औरंगाबादच्या नाट्यचळवळीतून आलेल्या चंद्रकांत कुलकर्णी यांनी ‘कायद्याचं बोला’मध्ये (२००५) त्यांना वकिलाची मध्यवर्ती भूमिका दिली. हा चित्रपट ‘माय कझिन विनी’वर (१९९२) बेतलेला होता, ज्यात ब्रुकलिनचा इटालियन-अमेरिकन वकील अलाबामाच्या न्यायालयात उभा राहतो आणि त्याच्या उच्चारामुळे न्यायाधीशांना साधा शब्दही कळत नाही. ती भूमिका करणाऱ्या जो पेशी यांना सहायक अभिनेत्याचे ऑस्कर आधीच, ‘गुडफेलाज’साठी, मिळालेले होते. ब्रुकलिनच्या जागी मराठवाडी हेल आणणे ही रूपांतरातील निव्वळ सोय मानता येत नाही, कारण ज्याच्या बोलण्याला सभ्य न्यायालय हसते तोच खटला जिंकतो, ही मूळ कथेतील खोच त्यामुळे मराठीत शाबूत राहिली. ‘दे धक्का’पर्यंत (२००८) हा आवाज नायकाचा झाला होता; मात्र विनोदाची चौकट सुटली नाही, हेही खरे.

येथे नांदेड-लातूरच्या श्रोत्याची एक रास्त तक्रार नोंदवायला हवी. देगलूर-बिलोलीकडे तेलुगूची, उदगीर-निलंग्याकडे कन्नडची आणि सर्वत्र निजामकाळापासून दखनी उर्दूची सावली असलेली ही बोली, जिच्यात ‘काय करतो आहेस’ऐवजी ‘काय करायलास’ असे विचारले जाते, चित्रपटातल्या ‘मराठवाडी’त फारशी सापडत नाही; मुंबईला ग्रामीण म्हणून ओळखू येईल असा एक सरासरी ढंगच पुरेसा वाटतो. मुर्जा यांच्या सिसिलियनपणापेक्षा हे किती वेगळे, असा प्रश्न पडतोच.

लातुरात १९७८ साली जन्मलेले रितेश देशमुख ‘मस्ती’ (२००४), ‘हाऊसफुल’ (२०१०) अशा, अनेक नटांनी मिळून हशा पिकवणाऱ्या हिंदी विनोदपटांत वावरले, पण त्या चित्रपटांच्या शहरी हिंदीत लातूर कुठेच ऐकू आले नाही. आणि २०१४ मध्ये ‘लय भारी’मधून ते मराठी पडद्यावर नायक म्हणून आले तेव्हा कथेने गाठले ते पंढरपूर.