विजेचा गोळा आणि आमचे शहाणपण

वैशाख सरत आला, दुपारचे ऊन सोसेनासे झाले, क्षितिजावर काळ्या ढगांची भिंत उभी राहिली आणि धुळीचा लोट उठून वाड्याची दारे आपटू लागली, की वळीव आला असे आमच्याकडे लहान पोरही सांगते. आमचा जिल्हा, जो २०२४ पर्यंत अहमदनगर होता आणि आता अहिल्यानगर म्हणविला जातो, बहुतेक पर्जन्यछायेतला. अकोले तालुक्याचा घाटमाथा सोडला तर पावसाने आम्हांस कधी लाडावून ठेवलेले नाही. परंतु वळवाच्या दिवसांत पाणी चार थेंब पडले तरी गडगडाट मात्र मोप होतो. अशा वेळी घरातील मुले कानांवर हात ठेवून आमच्याभोवती गोळा होतात आणि गोष्ट सांगा म्हणून हट्ट धरतात. आम्ही दरवर्षी एकच गोष्ट सांगतो. तीच आज वाचकांसही सांगावयाची आहे. कारण तिच्यात आमच्या हातून घडलेला एक अपराध आहे, आणि तो आता ज्यांच्यापाशी कबूल करावयाचा त्या हयात नाहीत.

आमचे बापजाद्यांचे घर प्रवरेच्या काठी, संगमनेर तालुक्यातील एका लहानशा गावी. धाब्याचा जुना वाडा, पुढे ओसरी, मध्ये माजघर आणि त्यामागे स्वयंपाकघर. त्या घरात वडील, काका, आम्ही सारी भावंडे आणि आमच्या आत्याबाई राहत असू. आत्याबाई बालविधवा. अकराव्या वर्षी लग्न आणि तेराव्या वर्षी माहेरी परत, एवढाच त्यांचा संसार. पोथी वाचण्यापुरते अक्षर त्यांना येत असे. घरातील निम्मे काम त्यांच्या हातून होई. परंतु घरातील कोणत्याही गोष्टीचा निर्णय करताना त्यांचे मत कोणी विचारले आहे, असे आम्हांस आठवत नाही.

आम्ही स्वतः मॅट्रिक झालो, अध्यापनाचा वर्ग पुरा केला आणि शाळामास्तर झालो. संस्कृत वडिलांपाशी बसून शिकलो. १९८१ साली आमच्या नोकरीस दोन वर्षे झाली होती. वय तेविशीचे. शाळेतील शास्त्राचे पुस्तक आम्हांस जवळजवळ तोंडपाठ होते, आणि जे त्या पुस्तकात नाही ते जगात नाही, अशी आमची प्रामाणिक समजूत होती.

त्या वर्षीच्या वैशाखात एके दिवशी तालुक्याच्या गावाहून भिजत घरी परतलो, तो सारी मंडळी ओसरीवर जमलेली. वीज गेल्यामुळे कंदील लावला होता. आत्याबाई खांबाला टेकून बसल्या होत्या. त्यांनी जे सांगितले ते असे: दुपारी त्या माजघरात वाती वळत बसल्या असता परसाच्या बाजूस कडाड्कन वीज पडली. पाठोपाठ ओसरीच्या दारातून नारळाएवढा शेंदरी रंगाचा एक गोळा आत आला. जमिनीपासून हातभर उंचावरून तो सावकाश, माणूस चालावा त्या गतीने, त्यांच्या समोरून गेला. स्वयंपाकघराच्या झरोक्यापाशी क्षणभर थांबला आणि फटाका वाजावा तसा आवाज करून नाहीसा झाला. मागे गंधक जाळल्यासारखा वास राहिला. त्यांना इजा काही झाली नाही.

काकांनी हा भुताटकीचा प्रकार ठरविला. काकूंना तो अपशकुन वाटला आणि शांत करावी असे त्या म्हणू लागल्या. आम्हांस दोन्ही बाजूंची कीव आली. आम्ही ओले कपडेही न बदलता व्याख्यान सुरू केले. म्हणालो, “आत्याबाई, तुम्ही गोळा पाहिला नाही, तुम्हांस तो भासला. वीज ही रेषेसारखी असते आणि पापणी लवते न लवते तोच विझते. ती काही पाहुण्यासारखी दारातून चालत येत नाही. सूर्याकडे पाहून डोळे मिटले की तांबडा ठिपका दिसतो ना? विजेच्या झोताने तुमच्या डोळ्यांसमोर तसाच ठिपका तरळला.”

आत्याबाई म्हणाल्या, “बाळ, पुस्तकात नसेल तो. पण मी पाहिला.”

“पाहिल्यासारखे वाटले, असे म्हणा,” आम्ही सुधारणा केली. मंडळी हसली. वडिलांनी आमच्याकडे कौतुकाने पाहिले. काकाही निरुत्तर झाले. आत्याबाई उठून आत गेल्या. त्यानंतर कोणी थट्टेने “आत्याबाई, तुमचा गोळा काय म्हणतो?” असे विचारले तरी त्या हसून कामाला लागत. आमच्यापुढे तर त्यांनी तो विषय पुन्हा कधीच काढला नाही. १९९४ साली त्या वारल्या.

आता त्या काळी आम्हांस जे ठाऊक नव्हते ते सांगतो. असे गोळे पाहिल्याच्या हकीकती शेकडो वर्षांपासून नोंदलेल्या आहेत. १६३८ च्या ऑक्टोबरात इंग्लंडमधील विडकम या गावच्या देवळात भर प्रार्थनेच्या वेळी वादळातून अग्नीचा गोळा शिरला. चार माणसे दगावली आणि साठेक जखमी झाली. १७५३ साली सेंट पीटर्सबर्ग येथे रिखमान नावाचे शास्त्रज्ञ छपरावर लोखंडी सळई उभारून ढगांतील विजेचे मापन करीत होते. मुठीएवढा निळसर गोळा सळईपासून सुटून त्यांच्या कपाळावर आदळला आणि ते तत्काळ मरण पावले. शेजारी उभ्या असलेल्या चित्रकोरक्याने हे पाहून सांगितले. १८३८ साली आरागो या फ्रेंच पंडिताने मेघगर्जनेवर निबंध लिहिला, त्यात अशा हकीकती एकत्र केल्या आहेत.

तरीही कित्येक विद्वानांनी हा सारा दृष्टिभ्रमच मानला. पुढे १९६३ सालच्या मार्च महिन्यात जेनिसन नावाचे विद्युत्शास्त्राचे इंग्रज प्राध्यापक रात्रीच्या विमानाने न्यूयॉर्कहून वॉशिंग्टनला निघाले असता विमान वादळात सापडले. त्यांनी पाहिले, की वैमानिकाच्या खोलीकडून वीतभर व्यासाचा निळसर पांढरा गोळा आला आणि उतारूंच्या मधल्या वाटेने, जमिनीपासून पाऊण मीटर उंचीवरून, संथपणे मागे निघून गेला. त्यांनी ही हकीकत १९६९ साली ‘नेचर’ या नामांकित नियतकालिकात प्रसिद्ध केली. म्हणजे आम्ही ओसरीवर व्याख्यान झोडीत होतो त्याच्या बारा वर्षे अगोदर, आत्याबाईंच्या हकीकतीची जुळी बहीण विलायतेत छापून झाली होती! फरक इतकाच की तेथे पाहणारा प्राध्यापक होता आणि येथे वाती वळणारी विधवा.

हे आम्हांस कळले ते २०१४ च्या आरंभी, आणि तेही योगायोगाने. वर्तमानपत्रात बातमी होती की चीनमधील लांजाऊ येथील विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी २०१२ च्या जुलैत छिंगहाईच्या पठारावर साध्या विजेचे निरीक्षण करण्यासाठी यंत्रे मांडली असता, सुमारे नऊशे मीटरांवर वीज पडून जमिनीतून एक तेजस्वी गोळा उठला आणि दीड सेकंदाहून थोडा अधिक काळ टिकला. यंत्रांनी त्याच्या प्रकाशाचे पृथक्करण टिपून घेतले. त्या प्रकाशात सिलिकॉन, लोह आणि कॅल्शियम यांच्या खुणा मिळाल्या. ही तिन्ही मातीतील द्रव्ये. विजेच्या गोळ्याचा प्रकाश असा यंत्राने टिपल्याचे प्रसिद्ध होण्याची ही पहिलीच वेळ होती.

आम्ही ही बातमी मोठ्याने वाचून दाखवीत होतो. आमची थोरली कन्या तेव्हा माहेरपणास आली होती. ती ऐकता ऐकता थांबली आणि म्हणाली, “अप्पा, ही तर आत्याआजींची खोटी गोष्ट!”

आम्ही विचारले, “खोटी गोष्ट म्हणजे?”

ती म्हणाली, “पाऊस आला की आजी आम्हां मुलांना सांगायची. आधी म्हणायची, या गं पोरींनो, एक खोटी गोष्ट सांगते. मग गोळा दारातून कसा आला, झरोक्यापाशी कसा थांबला, ते सांगायची. आणि गोळा पुढे सरकेल तशी तिची सावली भिंतीवर कशी फिरत गेली, ते दोन्ही हातांनी करून दाखवायची.”

सावली! आमच्या हातातील वर्तमानपत्र तसेच राहिले. डोळ्यांत तरळणाऱ्या ठिपक्याची सावली पडत नाही. दृष्टी वळेल तिकडे तो ठिपका वळतो. भिंतीवरची छाया फिरविण्याची शक्ती त्याच्यात नसते. आमच्या त्या दिवशीच्या विद्वत्तापूर्ण उपपत्तीचे खंडन आत्याबाईंजवळ तयार होते. त्यांनी ते सांगितले नाही, कारण आम्ही विचारलेच नाही. आम्ही त्यांची उलटतपासणी घेतली, विचारपूस केली नाही. आणि खरे म्हणून सांगितलेले कोणी ऐकत नाही असे पाहून त्या माउलीने आपला अनुभव खोट्याच्या नावाखाली मुलांच्या हवाली केला.

कोणी म्हणेल, तेरा वर्षे गोष्ट सांगता सांगता ती सावली मागाहून जोडली गेली असेल. तशी शंका आम्हीही घेतली. परंतु सावलीचे महत्त्व ज्या शास्त्रात आहे ते आत्याबाईंस ठाऊक नव्हते. मुलांना रिझवावयाचे तर त्यांनी गोळ्याला डोळे आणि शेपूट जोडले असते. तथापि त्यांनी पाहिला तो विजेचाच गोळा, असे शपथेवर सांगण्याचा अधिकार आम्हांस नाही. तो अधिकार मिळविण्याची वेळ त्या संध्याकाळीच होती, आणि ती आम्ही हसण्यात घालविली.

गोळ्याचे गूढ अजून उकललेले नाही, हेही सांगितले पाहिजे. न्यूझीलंडमधील अब्राहमसन आणि डिनिस यांनी २००० साली अशी उपपत्ती मांडली, की वीज जमिनीत शिरली म्हणजे मातीतील वाळूच्या जातीच्या द्रव्याची, तीतल्याच कोळशाच्या अंशाशी संयोग होऊन, सिलिकॉनची वाफ होते. तिचे अतिसूक्ष्म कण एकमेकांस धरून तरंगतात आणि हळूहळू जळतात. २००७ साली ब्राझीलमधील शास्त्रज्ञांनी सिलिकॉनच्या चकतीतून विजेचा प्रवाह सोडून लहान तेजस्वी गोळ्या निर्माण केल्या. त्यांतील काही आठ सेकंदांपर्यंत टिकल्या. चीनमधील निरीक्षण या मताशी जुळते. परंतु जेनिसन यांच्या बंद विमानात माती कोठून आली? उलट २०१० साली ऑस्ट्रियातील दोघा शास्त्रज्ञांनी दाखविले, की जवळ वारंवार पडणाऱ्या विजेच्या चुंबकीय प्रभावाने माणसाच्या मेंदूत प्रकाशाचा भास उत्पन्न होऊ शकेल. तेव्हा काही हकीकती भासाच्याही असतील. कदाचित एकाच नावाखाली दोन-तीन निरनिराळे प्रकार आपण कोंबीत असू.

संस्कृतचा अभ्यास असूनही आम्ही त्या दिवशी आणखी एक गोष्ट विसरलो. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत उल्कालक्षणाच्या अध्यायात आकाशातून पडणाऱ्या तेजांचे पाच प्रकार वर्णिले आहेत. त्यांत वाकडीतिकडी, तडतडत पडणारी ती विद्युत्. आणि मोठ्या आवाजाने घरांवर, झाडांवर, माणसांवर पडणारी, चक्राच्या आकाराची ती अशनि, असा भेद केलेला आहे. आम्ही हा भाग वडिलांपाशी वाचला होता. म्हणून आमच्या पूर्वजांस सारे शास्त्र अवगत होते, असा डौल आम्ही मिरवीत नाही. त्या चक्राचा अर्थ आज निश्चित सांगता येणार नाही. एवढेच म्हणतो, की दीड हजार वर्षांपूर्वी त्या पंडिताने रेषेसारखे दिसणारे तेज आणि गोल दिसणारे तेज वेगळे नोंदण्याची तसदी घेतली. आम्हांस तेवढीही सुचली नाही.

आकाशातून दगड पडतात, असे युरोपातील शेतकरी सांगत, तेव्हाही मोठमोठे विद्वान हसतच होते. १८०३ साली फ्रान्समधील लेग्ल गावी सुमारे तीन हजार दगडांचा वर्षाव झाला. बियो नावाचे तरुण शास्त्रज्ञ तेथे गेले, गावोगाव हिंडून लोकांस विचारले, दगड जमविले, कोठे किती पडले ते मांडले. आणि हसणे थांबले. ऐकलेल्या प्रत्येक गोष्टीवर विश्वास ठेवावा असे आम्ही म्हणत नाही. तसे केले तर काकांची भुताटकीही मान्य करावी लागेल. परंतु विश्वास ठेवणे आणि ऐकून घेणे यांत अंतर आहे. केवढा होता, किती उंच होता, किती वेळ दिसला, आवाज कसला झाला, वास आला का, सावली पडली का, हे सहा प्रश्न विचारण्यास मॅट्रिकचीही गरज नाही.

असो. नातवंडांस गोष्ट सांगण्यापूर्वी आम्ही त्यांना एक ताकीद देतो. ढग गडगडू लागले की झाडाखाली किंवा उघड्या शेतात उभे राहावयाचे नाही, घरात यावयाचे आणि दारेखिडक्या लावावयाच्या; गोळा पाहण्याच्या लोभाने अंगणात जावयाचे नाही. नेहमीची वीज दरसाल आपल्याकडे माणसे आणि गुरे नेते, आणि तिच्याविषयी कसलीही शंका नाही. मग दार लावून, सारी जवळ बसली, की आम्ही आरंभ करतो. आत्याबाई ‘खोटी गोष्ट’ म्हणत असत. आम्ही सांगतो, “मुलांनो, ही तुमच्या पणजोबांच्या बहिणीने स्वतः पाहिलेली गोष्ट आहे.” मुले विचारतात, “म्हणजे खरी?” आम्ही म्हणतो, “त्यांनी पाहिली हे खरे. ते काय होते, हे तुम्ही मोठे होऊन शोधा.”