बोरघाटाची दैनंदिनी : भाग ३

मंगळवार, कर्जत
मागून ढकलणारी बँकर इंजिनं लागेपर्यंत गाडी थांबली, तेवढ्यात खाली उतरून वडापाव घेतला. इथून पुढं घाट. सर्वांत तीव्र ठिकाणी ३७ फूट पुढं गेलं की एक फूट वर, असा चढ. मागून धक्का बसला, डबा हलला. पळसदरी गेली आणि बोगदे सुरू झाले.

बुधवार, खंडाळा
दिवसभर पाऊस. खोलीत बसून घाटाचा इतिहास वाचला. रेल्वेमार्गाचं काम १८५६ साली सुरू झालं. पहिला कंत्राटदार फॅविएल. १८५९ मध्ये मजुरी थकली म्हणून मजूर उठले, दंगल झाली आणि त्यानं काम सोडलं. पुढचा सॉलोमन ट्रेडवेल आला आणि थोड्याच दिवसांत वारला. मग त्याच्या बायकोनं, ॲलिसनं, कंत्राट सांभाळलं आणि १८६३ मध्ये घाट पुरा झाला. बाईची हिंमत मोठीच. पण १८६१ साली इथं ४२,००० माणसं राबत होती. कड्यावरून दोरानं लोंबकळत त्यांनी सुरुंगाची भोकं पाडली. पटकीनं आणि तापानं हजारो गेले. वाचलेल्या पानांत त्यांतल्या एकाचंही नाव मला सापडलं नाही. रात्री झोप लागेना.

गुरुवार, खंडाळा स्टेशन
पाऊस थोडा उघडला. फलाटाच्या टोकाला एक की-मॅन चहा पीत बसले होते. बाजूला लांब दांड्याचा हातोडा, पाना, लाल-हिरवे झेंडे.
"दादा, रूळ नीट आहे हे कळतं कसं?"
"कानानं, ताई. घट्ट क्लिप टण्ण वाजते. सैल असली की बद्द."
पिशवीतला पत्र्याचा डबा उघडून त्यांनी गाडीला इशारा द्यायला रुळावर ठेवायचे फटाके दाखवले. बुटाच्या पॉलिशच्या डबीएवढे. रूळ तुटलेला दिसला, की येणाऱ्या गाडीच्या दिशेनं पळायचं. सहाशे मीटरवर एक फटाका, बाराशेवर तीन. या चढावर, पावसात, खडीवरून.
"आणि दरड आली तर?"
"तिला हिल गँग आहे. पावसाआधी डोंगर चढून सुटे दगड पाडतात."
चहा संपवून ते बोगद्याकडे निघाले. गाडी आली, की आतल्या कोनाड्यात अंग चोरून उभं राहायचं.

घाटातून जाल तेव्हा खिडकीतून बघा. केशरी जॅकेटातली ही माणसं रुळाकडेला उभी दिसतील. त्यांना हात करा.