चेहरा दाखवायचा कुणी?

क्रिस्तोफ किश्लोव्स्की हा पोलंडचा दिग्दर्शक जगभर गाजला तो कथापटांमुळे, पण आधी बरीच वर्षं तो माहितीपट करायचा. १९८० सालचा त्याचा ‘स्टेशन’ वॉर्साच्या मध्यवर्ती रेल्वे स्थानकावरचा. चित्रीकरण चालू असताना एका रात्री पोलिसांनी फिल्म उचलून नेली. आईचा खून करून तुकडे सुटकेसांत भरलेली एक मुलगी त्या रात्री स्थानकाच्या लॉकरपाशी येऊन गेली होती; ती कॅमेऱ्यात सापडली असेल असा त्यांचा कयास. ती सापडली नव्हती. पण सापडली असती तर आपण नकळत खबरे ठरलो असतो, हे किश्लोव्स्कीच्या मनातून गेलं नाही. हळूहळू त्यानं माहितीपट सोडला. खऱ्या अश्रूंची भीती वाटते, आता माझ्याकडं ग्लिसरीन आहे, अशा अर्थाचं तो पुढं बोलला.

दिल्लीत माहितीपट बघताना ही भीती मला सगळ्यात जास्त सबा दीवान यांच्या कामात दिसते. जामिया मिल्लियाच्या मास कम्युनिकेशन केंद्रातून त्या १९८७ साली बाहेर पडल्या. हे केंद्र १९८२ चं. कॅनडाचे माहितीपटकार जेम्स बेव्हरिज यांचा ते उभारण्यात मोठा हात. दिल्लीतले निम्मे माहितीपटकार तिथलेच, असं मी थोडं वाढवून सांगते.

२००२ च्या ‘सीताज फॅमिली’त त्यांनी आजी, आई आणि स्वतः अशा तीन पिढ्या कॅमेऱ्यापुढं ठेवल्या. दुसऱ्याच्या घरात शिरण्याआधी आपलं दार उघडलं, हे मला महत्त्वाचं वाटतं. सगळे माहितीपटकार एवढं करत नाहीत.

मग आले नाचणाऱ्या-गाणाऱ्या बायकांवरचे तीन चित्रपट. २००६ चा ‘दिल्ली-मुंबई-दिल्ली’ आपल्या अगदी जवळचा. महाराष्ट्रानं ऑगस्ट २००५ मध्ये डान्स बार बंद केले. त्या वेळी वर्तमानपत्रांत पाऊण लाख बारबालांचा आकडा फिरत होता. त्या राहतात कुठं, येतात कुठून, हे विचारायची तसदी थोड्यांनीच घेतली. सबा दीवान दिल्लीतल्या अशा एका मुलीबरोबर गेल्या. उच्च न्यायालयानं २००६ मध्ये बंदी रद्द केली, सर्वोच्च न्यायालयानं २०१३ मध्ये तो निकाल कायम केला. तोवर त्या मुलींचं उमेदीचं वय निघून गेलं होतं.

२००८ चा ‘नाच’ बिहारमधल्या सोनपूरच्या जत्रेतला. २००९ चा ‘द अदर साँग’ बनारसच्या रसूलनबाईंच्या एका ठुमरीच्या मागावर निघतो. १९३५ च्या ध्वनिमुद्रिकेत तिचे शब्द जरा धीट होते, पुढं प्रचारात राहिला तो सोज्वळ पाठ. अभिजात म्हणून मान्यता मिळवायची तर तेवढं धुऊन घ्यावं लागलं. गोव्यातल्या कलावंतिणींच्या घरांनीही हे पाहिलं आहे: गाणं घरोघर पोचलं, घराचा पत्ता मात्र कुणी उच्चारायचा नाही.

या शोधात सबा दीवान यांना खूप बायका भेटल्या, पण कॅमेऱ्यापुढं बसणाऱ्या थोड्या. मुलं नोकरीला लागलेली, नातींची लग्नं ठरायची. सांगायला भरपूर आणि चेहरा दाखवायची सोय नाही, अशी अडचण. किश्लोव्स्की नट-नट्यांकडं वळला. सबा दीवान यांनी कॅमेरा ठेवला आणि लिहायला घेतलं. २०१९ चं ‘तवायफनामा’ हे जाडजूड पुस्तक बनारस आणि भभुआ इथल्या एकाच घराण्याचं आहे. १८५७ च्या कुंवरसिंहांची संगत केलेल्या धरमनबीबीपासून ते निघतं. घरातल्या माणसांची नावं बदललेली आहेत.

मधल्या काळात, जून २०१७ मध्ये, दिल्लीहून ईदची खरेदी करून फरिदाबादकडं परतणाऱ्या एका मुलाला लोकलमध्ये भोसकून मारलं. सबा दीवान यांच्या एका फेसबुक पोस्टवरून २८ जूनला जंतरमंतरवर लोक जमले आणि इतर शहरांतही. तिथं त्यांनी स्वतःचं नाव पुढं केलं. दुसऱ्यांची नावं झाकणारी बाई ही, म्हणून मला त्याचं अप्रूप.

पुस्तकात गाणं ऐकू येत नाही, हे मात्र खरं. रसूलनबाईंची तबकडी आपण लावून ऐकू शकतो. या घरातल्या बायकांचा गळा कसा होता, ते वाचकानं मानूनच घ्यायचं. हा तोटा थोडा नाही. तरी नातीच्या साखरपुड्याच्या आठवड्यात व्याह्यांच्या घरी टीव्हीवर तिच्या आजीचा मुजरा लागावा, त्यापेक्षा मला तो परवडतो.