डिस्कोच्या ठेक्यावर दहा राग

संपादकांनी फोनवर विषय सांगितला तेव्हा त्यांच्या मनात ब्रायन ईनोची १९७८ची ‘म्युझिक फॉर एअरपोर्ट्स’ होती. लक्ष देऊन ऐका किंवा मागे लावून आपलं काम करत बसा, दोन्ही चालेल, अशा संगीताचं ‘अँबियंट’ हे नाव त्या ध्वनिमुद्रिकेमुळे रूढ झालं. विषय चांगलाच आहे. पण मी गिरगावात बसून जुन्या रेकॉर्डी आणि टेपा डिजिटल करणारा माणूस. मी त्यांना म्हटलं, इलेक्ट्रॉनिक संगीतातली जगभर नाव झालेली एक रेकॉर्ड आपल्या मुंबईतल्या एका वादकाची आहे, आणि मुंबईतल्या बहुतेक मराठी घरांना ती ठाऊक नाही. मी तिच्यावर लिहितो.

‘सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट’. वादक चरणजित सिंग, साल १९८२, कंपनी एचएमव्ही. ललत, भूपाळी, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस, बैरागी असे राग, प्रत्येकी साधारण पाच मिनिटं, आणि खाली सतत डिस्कोचा ठोका. तबला नाही, तानपुरा नाही, गाणारं कुणी नाही. एक माणूस आणि त्याची यंत्रं.

या पावसाळ्यात लालबागचा एक मुलगा ही रेकॉर्ड माझ्याकडे घेऊन आला. मामाच्या चाळीतल्या खोलीत माळ्यावर सापडलेली, कव्हर ओल खाल्लेलं, तबकडी मात्र बऱ्यापैकी शाबूत. त्याला डिजिटल प्रत हवी होती आणि ‘काका, बेस जरा वाढवून द्या’ अशी विनंती होती. बरोबर त्याचे वडील आले होते. ते भजनी मंडळात पेटी वाजवतात. बैरागी आणि मालकंस पूर्ण ऐकून ते म्हणाले, ‘राग ओळखू येतो, पण हा राग नव्हे.’ मुलगा लगेच म्हणाला, ‘बाबा, हे जगातलं पहिलं अ‍ॅसिड हाऊस आहे.’ दोघंही आपापल्या जागी ठाम होते. काम करून दिलं, पैसे घेतले, पण ती दोन वाक्यं अजून माझ्या डोक्यातून गेलेली नाहीत. हा लेख त्या दोघांसाठी आहे असं समजायला हरकत नाही.

आधी बेसचं सांगतो. एलपीच्या एका बाजूवर पंचवीसेक मिनिटं बसवायची तर खाच खाचेला चिकटून काढावी लागते. खर्जाचा आवाज खाचेला आडवा हेलकावा देतो, म्हणून जागा कमी असली की कापणारा तंत्रज्ञ खर्ज आणि एकूण पातळी दोन्ही उतरवतो. या रेकॉर्डचा बेस अंगाने बारीक वाटतो, त्यामागे हेही एक कारण आहे. त्यात वादकाची कसूर नाही. लॅमिंग्टन रोडवर चांगली सुई मिळते, पण खाचेत जे कोरलेलंच नाही ते कुठलीही सुई बाहेर काढू शकत नाही. बटण फिरवून खर्ज फुगवला की त्याच्याबरोबर टर्नटेबलची घरघरही फुगते. लोकांना हे पटत नाही. त्यांना वाटतं मी काटकसर करतो.

चरणजित सिंग हे हिंदी चित्रपटसंगीतातले वादक. बेस गिटार, गिटार, कीबोर्ड, जे लागेल ते. शंकर-जयकिशन, लक्ष्मीकांत-प्यारेलाल, आर. डी. बर्मन अशा सगळ्यांकडे ते वाजवत. ‘दम मारो दम’मधला ट्रान्झिकॉर्ड, म्हणजे विजेवर चालणारं अकॉर्डियन, त्यांचा. ताडदेवचं फिल्म सेंटर, महालक्ष्मीचं फेमस, अशा स्टुडिओंत सकाळ-संध्याकाळच्या पाळ्या करणारी जी पिढी होती, तिच्यातले ते. त्या पिढीत केरसी लॉर्ड यांच्यासारखे लोक होते, ज्यांनी सत्तरच्या दशकातच मूग सिंथेसायझर मुंबईच्या ध्वनिमुद्रणात आणला. म्हणजे १९८२ साली इथे सिंथेसायझर आकाशातून पडला नव्हता. अहमदाबादच्या एनआयडी या डिझाइन संस्थेत तर १९६९मध्येच अमेरिकी संगीतकार डेव्हिड ट्यूडर यांनी मूग बसवून दिला होता आणि आपल्याकडची मंडळी त्यावर प्रयोग करत होती. त्या टेपा रेकॉर्डच्या रूपात बाहेर यायला २०२३ साल उजाडलं.

सिंग यांनी जी तीन यंत्रं वापरली ती रोलँड कंपनीची, सिंगापूरहून आणलेली. एक, ज्युपिटर-८ हा कीबोर्ड, एका वेळी आठ सूर देणारा. दोन, टीआर-८०८ हे तालयंत्र. तीन, टीबी-३०३, ज्याच्यामुळे हा सगळा गाजावाजा आहे. ३०३ हे बेस गिटारच्या बदली वाजणारं लहानसं यंत्र, एकट्याने रियाझ करणाऱ्या गिटारवाल्याला साथ मिळावी म्हणून काढलेलं. त्यात सोळा पायऱ्यांचा एक नमुना भरायचा. आधी सगळे स्वर क्रमाने भरायचे, मग वेगळ्या फेरीत त्यांच्या वेळा. कोणत्या स्वरावर जोर आणि कोणत्या स्वरावरून पुढच्यावर घसरत जायचं, तेही स्वरागणिक ठरवायचं. पडदा नाही, काय भरलं ते दिसत नाही. याशिवाय फिल्टर. एक खुंटी आवाजातला वरचा तिखटपणा कुठे कापायचा ते ठरवते, दुसरी त्या कापलेल्या कडेलाच जोर देते. दोन्ही मिळून चिखलातून पाय उपसावा तसा तो ओला, चुरचुरणारा आवाज तयार होतो.

आणि ही तिन्ही यंत्रं एकमेकांशी जोडायची कशी? आज आपण ज्याला मिडी म्हणतो ती जोडणीची पद्धत १९८३ साली आली. त्याआधी ८०८मधून निघणारा विजेचा ठोकाच इतर यंत्रांना चाल देत असे. त्या ठोक्यावर ३०३ आपला नमुना फिरवतो, ज्युपिटरचा आरोह-अवरोह फिरवणारा भाग त्याच ठोक्यावर चालतो, आणि वरची मुख्य चाल माणूस हाताने वाजवतो. संगणक नाही. ‘बटण दाबलं की यंत्र वाजतं’ हे वाक्य मी ऑर्केस्ट्राच्या दिवसांपासून ऐकत आलो आहे. ते म्हणणाऱ्याने एकदा ३०३मध्ये तोडीचे स्वर भरून पाहावेत.

आता त्या पेटीवाल्या बाबांचं म्हणणं. ‘राग ओळखू येतो, पण हा राग नव्हे.’ यात तीन वेगळे आक्षेप आहेत आणि ते वेगवेगळेच तपासायला हवेत.

पहिला, स्वरांचा. या यंत्रांत सप्तक बारा समान तुकड्यांत कापलेलं आहे. जुळवलेल्या तानपुऱ्याच्या खर्जातून जो गांधार आपोआप उमटतो, त्यापेक्षा चावीचा गांधार १४ सेंटने चढा असतो. अर्धस्वर म्हणजे १०० सेंट, यावरून अंदाज करा. यमनात आणि भूपाळीत हा गांधार सारखा समोर येतो. तोडीचा उतरलेला कोमल गांधार तर चावीवर नाहीच. हा आक्षेप खरा आहे. पण बाबांची पेटीही याच मापाची आहे. याच कारणाने आकाशवाणीने १९४० ते १९७१ पेटीवर बंदी घातली होती, आणि तरीही गोविंदराव टेंबे यांच्यासारख्यांची पेटी ऐकलेला महाराष्ट्र पेटीला सोडायला तयार झाला नाही. दादरला हरिभाऊ विश्वनाथांच्या दुकानात पेट्या विकल्या जातच राहिल्या. चावीवरचा राग ज्याने पेटीत मान्य केला, त्याला सिंथेसायझरला या एका कारणाने बाहेर काढता येणार नाही.

दुसरा, मींडेचा, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता जाण्याचा. ३०३ची घसरण ठरलेल्या वेळात होते. लगतच्या स्वरावर जायला जेवढा क्षण, तेवढाच षड्जावरून पंचमावर जायला. मींडेचा जीव तिच्या वेळेत असतो, आणि ती वेळ गाणारा त्या क्षणी ठरवतो. म्हणून खालचा बेस कितीही लवचीक वाटला तरी ती मींड नाही. सिंग यांना हे कळत होतं असं मला रेकॉर्ड ऐकून वाटतं, कारण रागाची बाजू त्यांनी बेसवर टाकलेली नाही. ती वरच्या चालीत, ज्युपिटरवर आहे. तिथे सूर ओढण्याची सोय आहे आणि तिथे माणसाचा हात आहे. दहांतले भूपाळी, कलावती, मालकंस, बैरागी पाच स्वरांचे आहेत हेही ध्यानात घ्या. पाच स्वर सोळा पायऱ्यांत फिरवले की राग पटकन उभा राहतो. मला या रेकॉर्डमध्ये हेच राग सर्वांत उतरलेले वाटतात. ललतातले दोन मध्यम शेजारी शेजारी यंत्राच्या ठोक्यावर आले की त्यांच्यातली ओढ उरत नाही.

तिसरा आक्षेप तालाचा, आणि माझ्या मते बाबा इथे पूर्ण बरोबर आहेत. सोळा पायऱ्या आणि तीनतालाच्या सोळा मात्रा हे साम्य काही उत्साही मंडळी फार ताणतात. तीनतालात नवव्या मात्रेला ‘खाली’, म्हणजे टाळी नसलेली रिती जागा, येते, मग डग्ग्याचा घुमारा थांबतो आणि तो परतताना समेची चाहूल लागते. डिस्कोत प्रत्येक ठोका सारखाच भारी. खालीच नाही, तर समेला अर्थ काय? बंदिश या पायावर उभी राहू शकत नाही. या रेकॉर्डमध्ये आहे ते रागाचं चलन आणि त्याचा रंग, एका जागी गरगरत राहिलेला. म्हणूनच रात्री आवाज कमी करून ती लावली की ईनोच्या रेकॉर्डीसारखी खोलीत पसरते. नाचाच्या ठेक्यावर बांधलेलं संगीत असं का वागतं, याचं माझं उत्तर एवढंच, की खालचा षड्ज सुटत नाही आणि समेची वाट पाहायची नसते.

आता मुलाचं वाक्य. ‘जगातलं पहिलं अ‍ॅसिड हाऊस.’ या विषयावर मी जरा लांबणार आहे, कारण यावर छापून येणारं बहुतेक लिखाण निष्काळजी आहे.

अ‍ॅसिड हाऊस या क्लबमधल्या नाचाच्या इलेक्ट्रॉनिक संगीताची सुरुवात १९८७ साली शिकागोच्या फ्यूचर या गटाच्या ‘अ‍ॅसिड ट्रॅक्स’ने झाली असं मानतात. त्या तरुणांनी जुन्या बाजारातल्या ३०३च्या खुंट्या वाजता वाजता फिरवल्या आणि दहा मिनिटांहून अधिक काळ फिरवतच ठेवल्या. रोलँडने ३०३चं उत्पादन १९८४मध्येच थांबवलं होतं. सुमारे दहा हजार नग निघाले, खपले नाहीत, म्हणूनच ते स्वस्तात मिळत होते. सिंग यांची रेकॉर्ड ‘अ‍ॅसिड ट्रॅक्स’च्या आधी पाच वर्षं. आवाज सारखा आहे, हे बहिऱ्यालाही कळेल. पण आवाज सारखा आहे कारण यंत्र तेच आहे, फिल्टर तोच आहे. ३०३ वापरणाऱ्यांची यादी करायची तर इंग्लंडच्या हेवन सेव्हन्टीन या बँडने १९८२मध्येच ते वापरलं, ऑरेंज ज्यूस या बँडचं ‘रिप इट अप’ १९८३मध्ये तिथे गाजलं. शिकागोच्या मंडळींनी सिंग यांचं काही ऐकलं असल्याचा एकही पुरावा नाही. सिंग यांच्या समोर क्लब नव्हता, नाचणारे नव्हते. चित्रपटात सगळीकडे डिस्को चालला होता, त्याच्या ठेक्यावर राग वाजवून पाहावा, हा स्टुडिओत मुरलेल्या वादकाचा विचार होता. शिकागोत खुंटी हेच वाद्य झालं. मुंबईत राग हेच काम होतं. पहिला नंबर द्यायचाच असेल तर आधी शर्यत एकच होती हे सिद्ध करावं लागेल, आणि ते होत नाही.

त्यात एक अपमानही झाला. २०१०मध्ये एडो बाउमन या डच संग्राहकाने आपल्या बॉम्बे कनेक्शन या लेबलवर ही रेकॉर्ड पुन्हा काढली. त्यांना तिची प्रत २००२ साली दिल्लीत मिळाली होती. तेव्हा परदेशात काहींना ती बनावट वाटली. कुणी एफेक्स ट्विनने ही गंमत केली असावी असं म्हटलं. हे नाव म्हणजे १९९२च्या ‘सिलेक्टेड अँबियंट वर्क्स’मुळे त्या जगात देव्हाऱ्यात बसलेलं. म्हणजे मुंबईचा वादक १९८२ साली असं वाजवू शकतो, यापेक्षा एका इंग्रज कलावंताने खोटा भारतीय उभा केला हे त्यांना अधिक पटण्यासारखं होतं. याचा मला संताप येतो. आणि आपल्यावरही येतो, कारण १९८२मध्ये ही रेकॉर्ड आपण घेतली नाही, आणि २०१०नंतर घेतली ती गोऱ्यांनी शाबासकी दिल्यावर.

सिंग यांना सत्तरीत युरोपात बोलावणी आली. पिकलेल्या केसांचा हा माणूस तीच यंत्रं घेऊन तरुणांसमोर ते दहा राग वाजवून आला. जुलै २०१५मध्ये मुंबईत त्यांचं निधन झालं. जगभरच्या मृत्युलेखांत अ‍ॅसिड हाऊस होतं, आणि त्यांच्या आयुष्यभराच्या चित्रपटातल्या कामाला एखादी ओळ.

एक शंका मात्र माझीही फिटलेली नाही. याच सिंथेसायझरने पुढे स्टुडिओतल्या व्हायोलिनच्या रांगा रिकाम्या केल्या. धोबीतलाव, गिरगावातल्या कितीतरी वादकांच्या पाळ्या त्याने खाल्ल्या, आणि त्यांतले काही मला माहीत होते. १९८५ला ऑक्टापॅड हे काठ्यांनी वाजवायचं इलेक्ट्रॉनिक तालवाद्य आलं, ते लालबाग-परळच्या बेंजो पार्ट्यांनी गणपतीच्या मिरवणुकीत उचललं आणि नव्या मुलांना काम दिलं, हेही खरं. हिशेब बरोबरीचा झाला का, ते मला सांगता येत नाही.

माझा निवाडा असा : ही रेकॉर्ड अ‍ॅसिड हाऊस नाही आणि ती मैफलीतल्या अर्थाने रागसंगीतही नाही. रागाची चौकट यंत्रात किती मावते याचा एका पक्क्या वादकाने केलेला तो प्रामाणिक शोध आहे, आणि चाळीस वर्षांनंतरही त्याच्या जवळपास जाणारं दुसरं काम मी ऐकलेलं नाही.

वाचकांना एक विनंती. तुमच्या घरात कुणी ऑर्केस्ट्रात, स्टुडिओत, बेंजो पार्टीत वाजवत असेल, तर दिवाळीच्या सुट्टीत त्यांच्याजवळ वही घेऊन बसा. कोणतं गाणं, कोणता स्टुडिओ, साल कोणतं, वाद्य कोणतं, शेजारी कोण बसलं होतं, सगळं लिहून काढा. जुन्या चित्रपटांच्या रेकॉर्डींवर वादकांची नावं छापत नसत. ती सांगणारी माणसं आता थोडी उरली आहेत. आणि माळ्यावरच्या रेकॉर्डी रद्दीत घालू नका. त्या आडव्या न रचता उभ्या ठेवा, ओल लागू देऊ नका, आणि कव्हर फाटलं असलं तरी टाकू नका.