लुक चुकला

दोन नट समोरासमोर बसले की त्यांच्या नजरांमधून एक रेषा जाते. सेटवर ती कुणाला दिसत नाही, पण कॅमेऱ्याने ती ओलांडायची नाही एवढं सगळ्यांना ठाऊक असतं. ओलांडलीच, तर भांडणारी दोन माणसं पडद्यावर एकाच दिशेला बघतात आणि दोघं मिळून तिसऱ्याच कुणाशी भांडताहेत असं वाटायला लागतं. लुक चुकला, असं सहायक हळूच सांगतो. रीशूट होणार नसतं. मग संकलनाला बसलेला मी रशेसमध्ये चहाचा कप, पंखा, खिडकी, जे सापडेल ते शोधत बसतो आणि दोन शॉट्सच्या मध्ये खुपसतो.

कोरियात ही रेषा जमिनीवर आहे. उत्तर आणि दक्षिण कोरियाच्या सीमेवर, पानमुनजोमला, निळ्या बैठ्या खोल्यांच्या मधून सिमेंटची एक पट्टी जाते, जेमतेम 5 सेंमी उंच. 1953 च्या युद्धविरामानंतर कितीतरी वर्षं या संयुक्त पहाऱ्याच्या आवारात दोन्हीकडचे सैनिक मोकळे वावरत. 1976 च्या ऑगस्टमध्ये एका झाडाच्या फांद्या छाटण्यावरून वाद झाला, उत्तरेच्या सैनिकांनी दोन अमेरिकी अधिकाऱ्यांना कुऱ्हाडीने मारलं आणि त्यानंतर ही विभागणी आवारातही आली.

पार्क चान-वूक यांनी 2000 साली 'जॉइंट सिक्युरिटी एरिया' केला तो या जागेविषयी. खऱ्या ठिकाणी चित्रीकरण शक्य नव्हतं, म्हणून अख्खं पानमुनजोम सेट लावून उभं केलं. दक्षिणेचा सार्जंट सू-ह्योक रात्री वाट चुकून पलीकडे जातो आणि सुरुंगावर पाय ठेवून बसतो. उत्तरेचा सार्जंट ग्योंग-पिल तो सुरुंग निकामी करतो. तिथून चोरून भेटीगाठी सुरू होतात. दोघांची निष्ठा आपापल्या देशाशी आहे, आणि चित्रपटभर ती ढळत नाही. म्हणून तर त्यांच्या दोस्तीची भीती वाटते. एकजण फितूर असता, तर गोष्ट फारच सोपी झाली असती.

पहाऱ्यावर दोघं समोरासमोर उभे असताना उत्तरेचा सार्जंट ओठातल्या ओठात बजावतो, की तुझी सावली आमच्या हद्दीत आली आहे, सांभाळ. विनोद म्हणून हा प्रसंग सगळ्यांना आठवतो. मला तो आठवतो ते त्यातल्या दोन बाजूंमुळे. उजेडात, गणवेशात, वरिष्ठांच्या देखत ही माणसं एकमेकांच्या समोरच उभी राहू शकतात. रात्री उत्तरेच्या चौकीत शिरलं, की रुंद पडद्याच्या एकाच चौकटीत हे दोघं आणि त्यांचे दोन धाकटे साथीदार, असे चौघं मावतात. कुणी कुणाच्या समोर उरत नाही, आणि आपण डावं-उजवं विसरून जातो. एक फोटो काढायचा ठरतो. मागे भिंतीवर किम पिता-पुत्रांच्या तसबिरी आहेत. दक्षिणेचा धाकटा सैनिक कॅमेरा धरून तिघांना इतकं जवळ सरकवतो, की त्यांच्या डोक्यांआड दोन्ही तसबिरी झाकल्या जातात. संवाद लिहून हे साधलं नसतं.

चोको पायचा, म्हणजे दक्षिणेतल्या चॉकलेटी केकचा, प्रसंग मी शिकणाऱ्या मुलांना दाखवतो. सू-ह्योक सहज विचारून जातो, दक्षिणेला येतोस का, हे पोटभर मिळेल. ग्योंग-पिल चघळायचा थांबतो. तोंडातला ऐवज हातावर काढतो आणि सांगतो, की आपल्या प्रजासत्ताकाने एक दिवस याहून सरस गोड पदार्थ करावा असं त्याचं स्वप्न आहे. तोवर याच्यावरच जीव टाकायचा. मग तो घास परत तोंडात. सोंग कांग-हो हा नट तिथे आहे म्हणून खरं तर संकलकाचं काम थांबण्याचं. आमच्या मालिकांमध्ये हा प्रसंग आला असता, तर प्रत्येक चेहऱ्यावर तीन-तीन रिअॅक्शन मारायला लावल्या असत्या, वर ढोल. इथे बघणाऱ्याला आधी वाटतं, आता मैत्री संपली. मग हसू येतं. आणि हसता हसता हेही कळतं, की हा माणूस कधीच इकडे येणार नाही.

संकलक किम सांग-बोम यांची खरी कसोटी लागते ती समोरासमोरच्या चौकशीत. तोवर गोळीबार होऊन माणसं मेलेली आहेत. सू-ह्योक कोसळून सगळं बोलून टाकणार, तेवढ्यात ग्योंग-पिल उसळतो, त्याच्या अंगावर धावून जातो, पक्षाच्या नावाने घोषणा देतो. त्या घोषणा मित्राला वाचवण्यासाठी आहेत. शब्द एका निष्ठेचे, कृती दुसरीची. इथे चार फ्रेम आधी कट केला असता, तर तो निव्वळ माथेफिरू वाटला असता. चार फ्रेम नंतर, तर नाटक उघडं पडलं असतं.

चौकशी करणाऱ्या स्विस अधिकारी सोफीचे इंग्रजी संवाद मात्र ताठर आहेत, कितीही वेळा पाहिले तरी खटकतात. पण तिच्या वडिलांची गोष्ट मला सोडत नाही. ते उत्तरेचे युद्धकैदी, दोन्ही कोरियांना नकार देऊन तिसरीकडे गेलेले. हे कल्पित नाही. अशा 76 कोरियन आणि 12 चिनी कैद्यांना 1954 च्या फेब्रुवारीत जहाजाने भारतात आणलं गेलं. त्याआधी कोरियात त्यांना सांभाळणाऱ्या भारतीय दलाचे प्रमुख होते मेजर जनरल एस. पी. पी. थोरात, आपले कोल्हापूरचे. मायदेशी परतायला नकार देणाऱ्या कैद्यांना एकेक करून तंबूत नेत, त्यांच्या देशाचे अधिकारी त्यांची मनधरणी करत, आणि भारतीय लोक मध्ये बसून बघत. मग कैद्याने दोनपैकी एका दाराने बाहेर पडायचं: एक परतीचं, एक नकाराचं.

यावर कुणीतरी मराठीत चित्रपट करावा. तंबूत बोलणारा एका बाजूला, दारं दोन, आणि ज्याला दोन्ही देश नको आहेत त्याचा क्लोजअप. त्याला लुक कुठला द्यायचा, हे मला अजून सुचलेलं नाही.