पिशीमाची पेटी

परवा नातीने लॅपटॉपवर एक बंगाली सिनेमा लावून दिला. 'गोयनार बाक्शो', म्हणजे दागिन्यांची पेटी. शीर्षेंदु मुखोपाध्याय यांच्या कादंबरीवरून अपर्णा सेन यांनी २०१३ साली केलेला. बंगाल्यांना भुतांची भारी हौस! २०१२ च्या 'भूतेर भविष्यत'मध्ये तर जुने वाडे पाडले म्हणून बेघर झालेली भुतं राहायला जागा मिळावी म्हणून मुलाखती देतात. हसवता हसवता चिमटा काढायचा, ही त्यांची रीत.

इथलं भूत म्हणजे पिशीमा. पिशीमा म्हणजे आत्या. बालविधवा. मौशुमी चटर्जीने काय झकास रंगवली आहे! जमीनदारी गेली तरी घरातल्या पुरुषांची ऐट जात नाही, काम कुणालाच करायचं नाही. आपण मेलो की सगळे पेटीवर तुटून पडणार, हे पिशीमा ओळखून असते. म्हणून मेल्या मेल्या भूत होऊन ती नव्या सुनेला, सोमलताला, दरडावते, पेटी लपव! पुढे सोमलता त्यातलेच दागिने गहाण टाकून साड्यांचं दुकान काढते. आणि आपल्याला जे सुख मिळालं नाही ते हिने तरी घ्यावं, म्हणून हे भूत तिला चक्क परपुरुषाच्या प्रेमात पडायला भरीस घालतं. मी पोट धरून हसले.

...आणि एकदम आमची आत्या आठवली.

लाल आलवण, मागची खोली, रात्री जेवण नाही. तिच्या ट्रंकेत लग्नातल्या पाटल्या होत्या. दादाच्या इंजिनियरिंगच्या फीसाठी त्या मोडल्या. तिला कुणी विचारलं नाही. पाटल्या गेल्यावर सांगितलं. ती "बरं" म्हणाली आणि निवडायला घेतलेले तांदूळ निवडत बसली. मी तेव्हा बीएला होते. आगरकरांवर निबंध लिहिला होता, वर्गात वाचून दाखवला होता. घरात मात्र तोंडातून शब्द काढला नाही.

आत्या गेली ती कधी भूत होऊन आली नाही. आली असती तर आधी मलाच धरलं असतं.

दादा, तू हे वाचशीलच. तुला दोष देत नाही, मीही गप्पच होते. फक्त एक सांग, त्या पाटल्या किती तोळ्यांच्या होत्या? मला काही केल्या आठवत नाही.